तीनदा पुकारलं

"तीनदा पुकारलं, आक्का. शपथ. तूच आली नाहीस, त्याला मी काय करू?"

"कुठं पुकारलंस? कपाटात तोंड घालून?"

निबंधक कार्यालयाचा शिपाई व्हरांड्यात थोरल्या बहिणीसमोर मान खाली घालून उभा होता. सहकारी संस्थांची नोंदणी इथं होते. हरकत आली तर साहेब दोन्हीकडचं ऐकून घेतात. पाळी आली की पक्षकारांना पुकारायचं, हे शिपायाचं काम. त्याला नोकरी लागली तीच आवाजावर. जुन्या साहेबानं फाटकावर उभं करून ओरडायला लावलं आणि वरच्या मजल्यावरून म्हटलं, "घ्या ह्याला. घंटेचा खर्च वाचला." लहानपणी त्याची हाक ओढ्यापलीकडची म्हैस माघारी आणायची. घरात मात्र मुका. बायको म्हणायची, "आवाज सरकारजमा केलाय. घरी नुसतं घोरणं आणतात."

व्हरांडा अरुंद, बाकं दोनच. म्हणून तोच लोकांना खाली नळापाशी बसवायचा. "निवांत बसा, माझी हाक येईल." सत्तावीस वर्षं येत होती. ऐकू आलं नाही म्हणून कुणाची पाळी हुकल्याचं कुणाला आठवत नव्हतं.

आक्का दवाखान्याच्या चादरी धुणारी. मधला ठेकेदार नको म्हणून अकराजणींनी संस्था काढायचं ठरवलं, अर्ज टाकला. ठेकेदारानं लगोलग बायको, मेहुणे, भाचे गोळा केले आणि त्याच नावाची संस्था पुढं केली. नोंदणी एकीचीच होणार. बायांनी हरकत घेतली, आजची तारीख लागली. सकाळी नऊलाच आल्या. सगळ्या वर जायला निघाल्या, तर आक्कानंच अडवलं, "गर्दी कशाला? माझ्या भावाचा आवाज आहे. झोपलात तरी उठवील."

बसल्या खाली. एकीनं तेवढ्यात फाटकी चादर शिवायला काढली.

साडेअकराला ठेकेदार मागच्या दारानं आत येऊन खुर्चीवर बसला. साहेबांनी फायलीतून डोकं न काढता शिपायाला म्हटलं, "मामा, आज घसा जपा. हवा बरी नाही."

मामाला कळायचं ते कळलं. निवृत्तीला चौदा महिने उरले होते आणि सेवापुस्तक साहेबांच्या कपाटात होतं. दाराबाहेर एक पाऊल टाकून त्यानं भिंतीकडं तोंड केलं आणि तीनदा पुकारलं. बाकावरच्या म्हाताऱ्याला वाटलं, हा जप करतोय. मग आत येऊन शेऱ्याखाली सही ठोकली : तीन वेळा पुकारूनही हरकतदार गैरहजर. त्या एका ओळीवर निकाल उभा राहिला. ठेकेदाराची संस्था नोंदली गेली.

दोन वाजता आक्का एकटीच वर आली, एवढा वेळ का लागतो बघायला. कारकुनानं तिला तो शेरा वाचून दाखवला.

"वरच्या साहेबाकडं दाद मागता येते म्हणे," आक्का आता म्हणाली. सोड्यानं चिरलेल्या हातात वहीचं पान होतं. "लिही. बाया खाली बसल्या होत्या, मी हळू पुकारलं. एवढंच. आमच्या बाजूनं निकाल द्या असं नाही म्हणत मी. आमचं ऐकून तरी घ्या."

"नोकरी जाईल, आक्का."

"आमची गेलीच की. ठेकेदार आता फाटकात तरी उभं करील?"

"चौदा महिने थांब. मग म्हणशील ते लिहून देतो."

"मुदत दोन महिन्यांची. चौदा महिन्यांनी तुझ्या कागदात काय, साबण गुंडाळू?"

पान काही त्यानं हातात घेतलं नाही. आक्कानं त्याची चारदा घडी घातली आणि कमरेला खोचली.

"म्हैस बरी," ती म्हणाली. "तिला तरी तू खरी हाक मारलीस."

आत साहेबांची घंटी वाजली. शिपायानं टोपी सारखी केली, पट्टा ओढला, कठड्यापाशी गेला. पुढचं प्रकरण कुठल्याशा दूध संस्थेचं होतं. छाती भरून त्यानं हाक दिली. रस्त्यावरचा सायकलवालासुद्धा थबकला.

खाली नळापाशी, नाव धड न ऐकताच, दहा बाया पदर सावरत एकदम उठून उभ्या राहिल्या.

त्यानं दुसऱ्यांदा पुकारलं.