सर्जेरावाच्या डब्यातली पिन

सर्जेराव गेल्याचा फोन आला तेव्हा मी उसाची ट्रॉली घेऊन साखर कारखान्याच्या वजनकाट्यावर रांगेत उभा होतो. पुढचा ड्रायव्हर ओरडत होता, “आवं, घ्या की फुडं!” मला ट्रॅक्टर हलवता येईना…

आष्ट्याकडच्या आमच्या गावात सर्जेरावाचं ट्रॅक्टर दुरुस्तीचं दुकान. काही वर्षांपूर्वी दंगलीच्या दिवसांत तांबोळी गल्ली जाळायला बाहेरून माणसं येणार, अशी बातमी आली. सर्जेरावानं आम्हां चौघा-पाचजणांना गोळा केलं आणि गल्लीच्या तोंडावर उसानं भरलेल्या ट्रॉल्या आडव्या लावल्या. ट्रॉली ट्रॅक्टरला जोडायची लोखंडी पिन प्रत्येकाकडून काढून घेऊन त्यानं ग्रीसच्या रिकाम्या डब्यात टाकली. पिनेशिवाय कुणी ट्रॉली हलवू शकणार नव्हतं.

दोन दिवस काही झालं नाही. तोडलेला ऊस उन्हात वाळून हलका होत होता. तिसऱ्या दिवशी दुपारी, बाकीचे जेवायला गेले असताना, मी दुकानात गेलो.

“सर्जा, पिन दे रं माजी.”

“आजच्या दिवस थांब की.”

“वजन घटतंय, ते तू भरून देणार हायस व्हय?”

तो हसला. डब्यात हात घालून त्यानं माझी पिन काढली. “ने गड्या. तुज्या जागंला मी उभा ऱ्हातो. ट्रॉलीएवढा रुंद हाय का न्हाई मी?”

मी काट्यावर असताना जमाव आला, आणि त्या मोकळ्या जागेतूनच आला. तिथं सर्जेराव जॅकचा दांडा घेऊन उभा होता. बाकीचे धावून येईपर्यंत त्यानं जमावाला अडवलं. गल्लीतल्या हमीदभाईंचं शिलाईचं दुकान तेवढं जळलं, घरं वाचली. सर्जेरावाचा गुडघा मात्र फुटला तो कायमचा.

“ट्रॉली कुणी काढली?” गावानं विचारलं.

“पिन मी दिली,” एवढंच तो म्हणाला. लोकांनी त्यालाच बोल लावला. हमीदभाईही वर्षभर त्याच्याशी बोलले नाहीत. मी तिथंच असायचो, गप्प. तो लंगडत माझाच ट्रॅक्टर दुरुस्त करायचा आणि एकदाही त्यानं तो विषय काढला नाही. मला ते सोसणं शिव्यांपेक्षा जड होतं.

परवा सर्जेरावाच्या बायकोनं, शालनवहिनींनी, दुकान उघडलं. हमीदभाई आधीच येऊन बसले होते. त्यांना मी सगळं सांगितलं. ते म्हणाले, “त्याला सांगायचं हुतंस रं, तो असताना…”

डबा फळीवरच होता. बाहेर माझी भरलेली ट्रॉली उभी होती. तिची पिन काढून आणली आणि त्या डब्यात टाकली. ऊन चढत होतं, ऊस वाळत होता. मी सर्जेरावाच्या बाकावर बसून राहिलो.