तोंडानं म्हण, मग बोट चालव

दिनकर गेल्याचा फोन आला तेव्हा मी परभणीला माझ्या दुकानात एका म्हाताऱ्या बाईचा अंगठा मशीनवर उमटवायच्या खटपटीत होतो. अंगठा काही उमटत नव्हता आणि फोन काही थांबत नव्हता. शेवटी घेतला. पुण्याहून दिनकरचा मुलगा निखिल बोलत होता. "काका, बाबा गेले… मी निघालोय, पण पोचायला रात्र होईल. तुम्ही पाथरीला जाता का? घरी आई एकटी आहे." मी हो म्हणालो, फोन ठेवला आणि त्या बाईचा अंगठा ओल्या फडक्यानं पुसून पुन्हा मशीनवर ठेवला. खरं सांगतो, रडू आलं नाही. या वयात अशी बातमी आली की आधी थकवाच येतो, बाकीचं सावकाश मागून येतं. बसमध्ये खिडकीशी बसलो आणि मानवत येईपर्यंत मला कसलीच आठवण आली नाही.

पाथरीला आमचा कॉम्प्युटर क्लास होता, दिनकरचा आणि माझा. एस.टी. स्टँडच्या मागं, खताच्या दुकानाच्या माडीवर. लोखंडी जिना चढून पोरं वर यायची आणि घरी जाताना कपड्यांना युरियाचा वास घेऊन जायची. त्या काळचा कॉम्प्युटर सुरू केला की नुसता काळा पडदा दिसायचा आणि वरच्या कोपऱ्यात एक बारीक पांढरी रेघ उघडझाप करत राहायची. चित्र नाही, बटण नाही, काही नाही. गेम खेळायचा असला तरी तो कुठं ठेवलाय, त्याचं नाव काय, हे अक्षरन् अक्षर टाइप करून एंटर मारावं लागायचं. एखादं अक्षर हुकलं की ही आज्ञा आपल्याला समजली नाही अशा अर्थाची एक इंग्रजी ओळ उमटायची, आणि पुन्हा पहिल्यापासून. आईबापांनी पोरांना नोकरीसाठी पाठवलेलं असायचं आणि पोरांचा सगळा जीव गेममध्ये. मी ओरडायचो. दिनकर ओरडत नसे. "खेळायचंय? खेळ की," तो म्हणायचा, "पर आपल्या हातानं लाव. तोंडानं म्हण, मग बोट चालव."

त्यामुळं आमच्या क्लासमध्ये पाढ्यांसारखा गलका असे. सी, डी, स्पेस, उलटी काडी… बटणावरच्या मागं झुकलेल्या तिरप्या रेघेला उलटी काडी हे नाव दिनकरनंच पाडलेलं, आणि आमच्याकडून शिकून गेलेली माणसं अजूनही तिला तेच म्हणत असतील. तो पाठमोरा उभा राहून दुसऱ्या पोराचं बघत असायचा आणि तिथूनच सांगायचा, "मागं ये, काडी राहिली." त्याचा आवाज खाली खताच्या दुकानापर्यंत जाई. दुकानदार गमतीनं म्हणायचा की दोन पोती विकेपर्यंत माझंपण निम्मं शिकून झालंय.

दुपारी शकूवहिनी डबा घेऊन यायच्या. आम्ही जेवायला बसलो की त्या दिनकरच्या खुर्चीत बसून ठोकळ्यांचा गेम खेळायच्या. वरून ठोकळे पडतात, ते फिरवून खाली रांगा पुऱ्या करायच्या, एवढंच. पण त्यांचा हात असा बसला होता की पोरं आपला अभ्यास सोडून मागं येऊन उभी राहत. गंमत म्हणजे हा गेम त्यांना दिनकरच लावून द्यायचा. जेवता जेवता उठायचा, हात धुवायचा, अक्षरं मोठ्यानं म्हणत टाइप करायचा, मग परत ताटावर यायचा. मी चिडवायचो, "लोकाच्या पोरांना नियम, अन् बायकोला फुकट?" तो म्हणाला होता, "आरं, भाकर तिनं करायची अन् गेम मी लावायचा, असं ठरलंय आमचं."

पुढं माऊस आला, पडद्यावर चित्रं आली आणि पोरांना काही म्हणायची गरज उरली नाही. क्लास ओसरत गेला आणि एक दिवस आम्ही कुलूप लावलं. भांडण नाही, रडारड नाही, नुसतं कुलूप. तो एका कॉलेजच्या प्रयोगशाळेत लागला, मी परभणीला दुकान टाकलं. तो निवृत्त झाल्यावर निखिलनं त्याला लॅपटॉप आणून दिला, तर या गड्यानं कुठून तरी जुना काळा पडदा उघडणारा प्रोग्राम शोधून त्यावर बसवला आणि वहिनींचा तोच गेम त्यात घातला. त्या प्रोग्रामला तर दर वेळी आधी गेमचा पत्ता सांगावा लागतो. मी फोनवर म्हणालो, "दिनकर, एकदा तो पत्ता आतच लिहून ठेव ना, आपोआप चालू होईल." तो म्हणाला, "तुला कुठली गाडी गाठायची हाय?" हट्टी होता. मेल्या माणसाला हट्टी म्हणू नये, पण होता.

गेल्या वर्षी त्याला अर्धांगाचा झटका आला. उजवा हात गेला आणि तोंड वाकडं झालं. बोललेलं समोरच्याला कळत नाही याची त्याला इतकी लाज वाटायची, की त्यानं बोलणंच टाकून दिलं. डॉक्टर सांगून थकले की जितकं बोलाल तितकी जीभ सुटेल. मी भेटायला गेलो तेव्हा तो नुसता बघत राहिला. मीच बोलत होतो. क्लास काढला, खताचं दुकान काढलं, पावसापाण्याचं काढलं… माणूस एकटा किती बोलणार. दुपार व्हायच्या आत गाडी धरून परत आलो. तीच आमची शेवटची भेट.

तेरावं झालं, पाहुणे पांगले. दिनकरची थोरली बहीण, आम्ही सगळे तिला आक्का म्हणतो, बोरीहून येऊन वहिनींजवळ राहिली. निखिल पुण्याला जाण्याआधी आईची सोय करून गेला. लॅपटॉपवर ठोकळ्यांचं एक रंगीत चित्र ठेवलं, त्याला बोट लावलं की थेट गेम सुरू. चांगल्या मनानं केलं पोरानं. काही दिवसांनी त्याचा फोन आला, "काका, आई बोलतच नाही हो. माझ्याशी नाही, आत्याशीही नाही. जेवते, कामं करते, पण तोंडातून शब्द नाही. गेम लावून दिलाय, त्यालाही हात लावत नाही. मला भीती वाटते… तुम्ही एकदा बघून येता का?" भीती मलाही वाटली. दिनकर असाच गप्प झाला होता आणि गप्प गप्पच गेला. आता वहिनीही त्याच वाटेनं निघाल्या की काय?

मी गेलो तेव्हा दुपार होती. आक्का दाराशी गहू निवडत बसल्या होत्या. "बघा बाबा तुमीच," त्या म्हणाल्या, "मी बोलून बोलून दमले. भिताडाशी बोलायलेय असं वाटतंय." वहिनींनी पाणी आणून ठेवलं आणि आत गेल्या. मी लॅपटॉप उघडला. चित्राला बोट लावलं, क्षणात गेम लागला, ठोकळे पडू लागले. "वहिनी, या की," मी हाक मारली. त्या स्वयंपाकघराच्या चौकटीपर्यंत आल्या, पडद्याकडं पाहिलं आणि परत फिरल्या. ठोकळे पडत राहिले, एकावर एक चढत वर टेकले, गेम संपला.

काय करावं सुचेना. मी ते सगळं बंद केलं आणि नुसता काळा पडदा उघडला. कशासाठी ते माझं मलाच माहीत नव्हतं, बहुतेक दिनकरची आठवण म्हणूनच. ती पांढरी रेघ उघडझाप करू लागली आणि गेमचा पत्ता सांगायची आज्ञा टाइप करताना बोटांबरोबर तोंडही आपोआप चालू झालं. "एम… ओ… यू… एन… टी…" तिथं मी थांबलो.

"स्पेस," आतून आवाज आला.

आक्कांचा सुपातला हात तसाच राहिला. मी मागं न बघता लांब पट्टी दाबली. "सी," म्हणालो आणि मुद्दाम थांबलो. "स्पेस." आता आवाज जवळून आला. वहिनी पदराला हात पुसत माझ्या मागं येऊन उभ्या होत्या. आक्का हळूच म्हणाल्या, "झटका आल्यावर दिनकरला त्यो शब्द निघत नव्हता. बाकीची अक्षरं कशीबशी म्हणायचा, पर तिथं आला की जीभ अडकायची, मग ही म्हणायची. रोज दुपारी. डाव्या हातानं एकेक बटण हुडकायचा अन् म्हणायचा. बाकी दिवसभर दोघं गप. मी तवा हितं आले हुते, डोळ्यानं बघितलंय." तेव्हा मला रडू आलं. फोन आला त्या दिवशीचं, आणि क्लासला कुलूप लावलं त्या दिवशीचंही.

गेम लागला, पण वहिनी खेळल्या नाहीत. त्यांनी तो बंद केला. "भावजी," त्या म्हणाल्या, "त्ये निखिलनं ठेवलेलं चित्र काढून टाका."

"राहू द्या की वहिनी. दमलात तर उपयोगी पडेल."

"नगं. त्यानं लगीच लागतंय."

मी चित्र काढून टाकलं आणि खुर्ची सोडली. वहिनी बसल्या. मी काळा पडदा पुन्हा उघडून दिला. इतक्या वर्षांत त्यांनी हे स्वतः कधी टाइप केलं नव्हतं, कोणतं अक्षर कुठल्या बटणावर आहे हे त्यांना शोधावं लागत होतं. पण क्रम तोंडात पक्का होता. "एम," त्या म्हणाल्या, बोट बटणांवर फिरत राहिलं आणि सापडलं. "ओ." पुन्हा शोध. यू झालं, एन झालं, टी झालं… आणि तिथं वहिनी थांबल्या. बोट पट्टीवर होतं, पण त्या दाबेनात.

"स्पेस," दाराशी बसलेल्या आक्का म्हणाल्या आणि पुन्हा गहू निवडू लागल्या.

वहिनींनी पट्टी दाबली.