मेल्यावर मिळालेली पदवी

नोव्हाय या अमेरिकन शहरातल्या एका गाड्यांच्या कंपनीत मी उमेदीची सगळी वर्षं ब्रेक डिझाइन करण्यात घालवली. मग एका सकाळी मला ले-ऑफ केलं.

शेजारी इतिहासाचे एक निवृत्त चिनी प्राध्यापक राहत. ते चहा घेऊन आले आणि ज्याचा त्यांनी आयुष्यभर अभ्यास केला, त्या जुन्या काळच्या चिनी सेनापतीबद्दल बोलू लागले. त्याने सम्राटासाठी सरहद्द राखली, पुढे प्रधान होऊन गरिबांवरचे कर कमी केले. मग दरबाऱ्यांनी सम्राटाचे कान भरले. म्हाताऱ्या सेनापतीला दूरच्या ओसाड मुलखात धाडलं, आणि तिथेच तो तापाने गेला.

"नंतर सम्राटाला चूक कळली. त्याने त्याला मोठी पदवी दिली, देऊळही बांधलं."

"मेल्यावर?"

"हो, मेल्यावर."

ते माझी समजूत घालायला आलेत, असं मला वाटलं होतं.

वर्षभराने माझ्या ब्रेकला बक्षीस मिळालं आणि कंपनीने मला समारंभाला बोलावलं. बायको म्हणाली, "जाऊन या. निदान फोटो तरी निघेल."

मी गेलो नाही. मला काढणाऱ्या मॅनेजरनेच बक्षीस घेतलं. भाषणात त्याला माझं नावही नीट उच्चारता आलं नाही, असं एका जुन्या सहकाऱ्याने फोनवर हसत हसत सांगितलं.