राक्षस मारला विजयाकाकूंनी

आमच्या घरी व्हिडिओ गेमलाही सरकारी बढतीचे नियम लागू होते.

बाबा केंद्र सरकारात अधिकारी. दिल्लीत मयूर विहारच्या नव्या फ्लॅटमध्ये गेम आला त्याच दिवशी त्यांनी जाहीर केलं, "पहिला भाग पुरा होईल तेव्हाच दुसरा मिळेल. पहिली नापास होऊन कोणी दुसरीत बसतं का?"

पण गेम काही माझ्यासाठी थांबला नाही, नवे भाग येतच गेले! पहिल्या भागातली राजकन्या म्हणजे निव्वळ चौकोनी गुलाबी बर्फी. दुसऱ्यात तिला नाक फुटलं. तिसऱ्यात ती बोलायला लागली. चौथ्यात तर (खालच्या मजल्यावरची पिंकी सांगायची) ती स्वतःच घोड्यावर बसून राक्षस मारत सुटली. आणि मी? अजून बर्फीच सोडवतेय!

अखेर संक्रांतीनंतरच्या एका दुपारी मी शेवटच्या राक्षसासमोर पोचले. तेवढ्यात आई आली.

"मने, ऊठ! हळदीकुंकवाला बायका आल्यात. तिळगूळ तू वाट."

"आई, प्लीज! बंद केलं तर सगळं पहिल्यापासून!"

"मग नको करूस बंद. विजयाकाकू धरतील."

विजयाकाकू शेजारच्या. दिल्लीच्या थंडीत त्यांच्या हातातल्या विणकामाच्या सुया फक्त जेवताना सुटत.

"काकू, नुसतं हे बटण दाबून धरा. ढाल वर राहते. बाकी कशाला हात लावू नका."

"बिल्कुल नाही गं!"

आतल्या खोलीत मी मान खाली घालून तिळगूळ वाटत होते. "कितवीत गं तू? मराठी येतं ना?" वगैरे सोसत होते. आणि बाहेरच्या खोलीत तुताऱ्या वाजल्या!

धावले. पडद्यावर बर्फी नाचत होती.

"अगं, अंगावरच आला मेला! मी आपले दोन सुलट, एक उलट असे टाके घातले, तर पडलाच की!"

"काकू, तो माझा राक्षस होता!" मी कडाडले. (मनात. तोंडाने म्हणाले, "थँक यू, काकू.") सगळ्या बायकांनी टाळ्या वाजवल्या. काकूंना!

संध्याकाळी बाबांनी निकाल दिला. "भाग पुरा केला विजयाताईंनी. दुसऱ्याला पात्र त्याच."

"आणि मी?"

"तू पुन्हा बस."

हा न्याय? मी दोन दिवस कोणाशी बोलले नाही. (मी एरवीही फार बोलत नसल्याने ते कोणाच्या लक्षात आलं नाही.)

आता मी कमावते, बाबा रिटायर झालेत, नियम उरलेला नाही. गेल्या आठवड्यात ऐटीत सगळ्यात नवा भाग आणला. त्यातल्या राजकन्येच्या पापण्यासुद्धा मोजता येतात. राक्षसाने मला सलग तीन संध्याकाळी लोळवलं.

चौथ्या संध्याकाळी शेजारची बेल वाजवली. "काकू, जरा नुसतं धरायला येता?"