पूर्व नेमकी कुठे?

संकष्टीला मी दिवसभर उपास धरते आणि चंद्र उगवला की सोडते. म्हणजे, चंद्र उगवल्याचं फोनने सांगितलं की. इंग्लंडमधल्या या रीडिंग गावच्या ढगांत चंद्र शोधत कोण बसणार?

या ऑक्टोबरात फोन नवा होता. दुपारीच तो किणकिणला : चंद्रोदय झाला. मला कडकडून भूक लागलेली. बाप्पाला नैवेद्य दाखवला, ताट वाढलं, मोदक तोंडाशी नेला, तेवढ्यात शाळेतून आलेली लेक म्हणाली, “आई, मून कुठे? बाहेर तर सन आहे!”

नव्या फोनमधल्या ॲपने पुण्यातला चंद्र उगवल्याचं सांगितलं होतं. घरून काम करणारा नवरा इतका हसला की त्याला चहाचा ठसका लागला. माझं डोकंच फिरलं. मोदक परत ताटात ठेवला, फोन ड्रॉवरमध्ये कोंबला आणि जाहीर केलं, “आज चंद्र डोळ्यांनी बघेन, मगच जेवेन.”

“आणि ढग आले तर?”

“तर उपाशी झोपेन!”

अंधार पडायला लागल्यावर आम्ही तिघं रेल्वेवरच्या पुलावर गेलो. तिथून आभाळ मोकळं दिसतं. पण चंद्र पूर्वेला उगवतो, आणि पूर्व कुठे? इतकी वर्षं इथे राहून दोघांनाही सांगता येईना. नवऱ्याने ठामपणे सुपरमार्केटकडे बोट दाखवलं.

“काहीतरीच काय! सकाळी चहा करताना किचनच्या खिडकीतून ऊन माझ्या डोळ्यांवर येतं. म्हणजे पूर्व ही इकडे!” स्वतःच्या हुशारीचं मला इतकं कौतुक वाटलं, विचारू नका.

आम्ही तिकडे टक लावून बसलो. नुसते ढग. पोटात कावळे ओरडत होते.

“इथली वेळ बघू का माझ्या फोनवर?” नवऱ्याने विचारलं.

“खबरदार!”

तेवढ्यात लेक किंचाळली, “लेफ्टला बघा, लेफ्टला!” आम्ही बघत होतो त्याच्या बरंच डावीकडे, घरांच्या धुराड्यांमागून तो वर येत होता. केशरी, भला मोठा, एका बाजूने जरासा चेपलेला. मी चक्क टाळ्या पिटल्या, मग हात जोडले.

“आई, हा रोज येतो?”

“रोज गं,” मी म्हटलं, आणि मला एकदम भरून आलं. ज्याच्या उगवण्यावर इतके उपास सोडले, त्याला उगवताना मी इथे पहिल्यांदाच बघत होते.

“झालं ना दर्शन? चल, जेव आता,” नवरा म्हणाला.

“थांब रे,” मी म्हटलं, “एवढी कसली घाई आहे?”