गोड केलेला शेवट

क्वीन्सटाउनच्या हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे खाद्यपदार्थांच्या गाळ्यांच्या बाजारात, शेजारी कुणीतरी मक्यावर लिंबू पिळलं, आणि मला त्या मेक्सिकन पटकथाकार बाई आठवल्या.

मी इथे परदेशात पोस्टडॉक, म्हणजे पीएचडीनंतरचं संशोधन करत असताना, त्या विद्यापीठात पटकथालेखनाच्या कार्यशाळेला आल्या होत्या. कँटीनमध्ये लिंबू पिळलेला मका खात त्यांनी माझी, मी फावल्या वेळात माझ्या आणि वडिलांच्या भांडणावर लिहिलेली पटकथा वाचली.

“शेवटी वडील मुलाला माफ करतात. तुझ्या वडिलांनी खरंच केलं?” त्यांनी इंग्रजीत विचारलं.

“नाही. आम्ही बोलत नाही.”

“माझ्या पहिल्या पटकथेचा शेवट निर्मात्याने गोड केला, म्हणून पुढे मी स्वतःच निर्माती झाले. तू तर आपणहून गोड केलास.”

तेव्हा मला त्यांचा राग आला होता. आता वाटतं, त्या बरोबर बोलल्या. पटकथा तशीच राहिली, पण त्या बोलल्या त्याच संध्याकाळी मी साताऱ्याला घरी फोन लावला. वडिलांनी उचलला, माझा आवाज ओळखला.

मग म्हणाले, “जेवलास का?”