खुर्चीत बसून घातलेल्या फेऱ्या

हे मी आजवर कुणापाशी बोललेलो नाही. बायकोपाशी नाही, आणि जिच्यापाशी बोलायला हवं होतं तिच्यापाशी तर नाहीच. मोठं काही नाही, असं मी स्वतःला समजावत आलो — खून नाही, चोरी नाही, मोबाईलवरच्या एका खेळात केलेली लबाडी. ऐकून तुम्हाला हसू येईल. या, हसा. मीही हसलो होतो — पण त्यावर मी येतो. जरा धीर धरा, मला सरळ त्या जागी जाता येत नाही.

मी कोठी भागातल्या एका औषधांच्या एजन्सीत हिशेब बघतो. राहायला दिलसुखनगरला. माझी थोरली बहीण, अक्का, नल्लकुंट्यात राहते — सरकारी नोकरीतून रिटायर झालेली, भाऊजी गेल्यापासून एकटी. वडील नांदेडकडून नोकरीसाठी इथे तेलुगू मुलखात आले तेव्हा अक्का शाळकरी होती आणि मी कडेवर. मी शिकलो इंग्रजी-तेलुगूत. मराठी वाचायला मला अक्कानं शिकवलं, स्वयंपाकघरातल्या फरशीवर खडूनं अक्षरं काढून. आता हे लिहितोय ते तिच्याच अक्षरांत. लाज वाटायला तेवढंच पुरेसं आहे, पण माझी लाज त्याहून बरीच पुढची आहे.

आईकडून आम्हा दोघांना शुगर मिळाली. आईचे डोळे त्यातच गेले. शेवटची वर्षं आई भिंतीला हात लावत घरात फिरायची, आणि तिला धरून न्यायला अक्का असायची. मी असायचो — पण दाराशी. बघत.

तर डॉक्टरांनी आम्हा दोघांना चालायला सांगितलं. अक्काची लेक पुण्यात असते, तिनं आमच्या दोघांच्या मोबाईलमध्ये चालण्याचा एक खेळ टाकून दिला. खेळ सोपा. तुम्ही रस्त्यानं चालायला लागलात की नकाशावर तुमचा एक छोटा माणूस चालतो. एखाद्या चौकाभोवती जो जास्त फेऱ्या घालेल त्याच्या नावाचा झेंडा त्या चौकात लागतो. आणि आपली माणसं त्या वेळी कुठे चालताहेत तेही दिसतं.

अक्काला वेडच लागलं त्याचं. गुडघे कुरकुरत असताना तिनं दोन आठवड्यांत आसपासच्या गल्ल्या जिंकल्या आणि मग पुतळ्याचा चौक घेतला. आमच्या लोकांना पुतळा म्हटलं की कुणाचा ते सांगावं लागत नाही. त्या चौकात आपल्या नावाचा झेंडा, तोही आपल्या पायांनी मिळवलेला — अक्का विहारातल्या बायकांना मोबाईल दाखवत फिरली. मला फोन करून म्हणाली, "विलू, हिंमत असंल तर घेऊन दाखव."

आता माझं सांगतो. मी सुस्त माणूस आहे. लिफ्ट बंद असेल तर मी ती सुरू होईपर्यंत खाली चहा पितो. चार दिवस चाललो, पायात गोळे आले आणि अक्काच्या फेऱ्यांच्या जवळपासही पोचलो नाही. मोबाईलही जुना, मध्येच बंद पडायचा. ऑफिसात मी रडगाणं गात होतो, तर शेजारच्या टेबलावरचा इम्रान म्हणाला, "क्या परेशान होते भाई, कंप्यूटर में फोन डाल देतूं."

त्याला एमुलेटर म्हणतात. कंप्यूटरच्या पडद्यावर एक खोटा मोबाईल उघडतो आणि त्यात मोबाईलवरचे खेळ खऱ्यासारखे चालतात. इम्राननं त्यात त्याचा गाड्यांचा खेळ दाखवला आणि तो विसरून गेला. त्याला यातलं काही माहीत नाही, त्याच्यावर काही ढकलायचं नाही मला. पुढचं माझं मी शोधलं. चालण्याचा खेळ त्यात माझ्याच नावानं उघडला. त्या खोट्या मोबाईलला आपण कुठे आहोत ते आपणच सांगायचं असतं. नकाशावर कोठी म्हणा, तुम्ही कोठीत. पुतळ्याचा चौक म्हणा, तुम्ही पुतळ्यापाशी. आणि बाणाची बटणं दाबली की तुमचा माणूस चालायला लागतो, अगदी माणसाच्या चालीनं.

उंटावरून शेळ्या हाकणं म्हणतात ना — मी तर खुर्चीवरून स्वतःलाच हाकत होतो. ऑफिस सुटलं की तासभर मागे थांबायचो. पंख्याखाली बसून माझ्या माणसाला कोठीतून काढायचं, बरकतपुऱ्यावरून नल्लकुंट्याला न्यायचं, पुतळ्याभोवती फिरवायचं. मग घरी जाऊन बायकोला सांगायचं, चालून आलो. ती लिंबूपाणी करून द्यायची. मी प्यायचो.

आठवड्याभरात पुतळ्याचा चौक माझ्या नावावर झाला.

अक्का चिडली नाही. उलट खूश झाली — आपला सुस्त भाऊ चालायला लागला म्हणून! ज्याला त्याला सांगत सुटली. आणि चौक परत घ्यायचा म्हणून स्वतः दुप्पट चालायला लागली. मी बटण दाबून फेऱ्या वाढवायचो, ती चपला घालून त्या भरून काढायची. उन्हाळा होता. मला हे दिसत नव्हतं का? रोज दिसत होतं. पडद्यावर तिचा माणूस दमल्यासारखा थांबत थांबत चालायचा, आणि मला — काय सांगू — मला गंमत वाटायची.

पण हीसुद्धा ती गोष्ट नाही. एवढंच असतं तर एखाद्या दिवाळीला मी हसत सांगून टाकलं असतं, तिनं पाठीत धपाटा घातला असता आणि विषय संपला असता.

त्या संध्याकाळी मी मिरची बज्जीची पुडी उघडून बसलो होतो. माझा माणूस पुतळ्याभोवती फिरत होता. पाहिलं तर अक्काचा माणूसही तिथेच, पण चालत नव्हता. एका जागी उभा. आज दमली वाटतं, असं म्हणून मी फेऱ्या घालत राहिलो. तिच्या अगदी जवळून, पुन्हा पुन्हा.

मग फोन वाजला.

"विलू, कुठं हाईस रे? खेळात तर इथंच दिसूलालास. मी पुतळ्यापाशीच हुबी हाव, तू कामून दिसंना?"

ती माझी वाट बघत उभी होती. रोज दारावरून जातोस, घरी कधी येत नाहीस, अशी तिची तक्रार असायची, आणि घामाघूम असतो गं, उशीर झालेला असतो, असं मी सांगायचो. म्हणून त्या दिवशी तीच चौकात आली होती.

मला सांगा, त्या वेळी खरं बोलायला काय लागलं असतं? "अक्का, मी ऑफिसात बसलोय, फसवलं तुला." एवढंच. तिनं शिव्या दिल्या असत्या. दोन दिवस बोलली नसती. मी ते म्हणणारही होतो, शब्द तोंडाशी आले होते — असं मला आठवतं. पण हे आठवणंही मी मागाहून रचलेलं असेल. जे तोंडातून निघालं ते हे होतं:

"अगं, तुझ्या समोरूनच गेलो की! हात पण केला तुला. बघितलंच नाहीस तू."

मला भीती वाटली की हिला शंका आली. म्हणून मी हसलो, मोठ्यानं हसलो, आणि म्हणालो, "डोळे दाखव बाई कुणाला तरी. आईसारखं व्हायचं नाहीतर."

आलो. ही ती जागा.

आईचं नाव मी का घेतलं? कुणी घ्यायला लावलं होतं? चष्मा बदल म्हणालो असतो तरी लबाडी झाकली गेली असती. पण कुठे बोट ठेवलं की ती पुढचं काही विचारणार नाही, हे मला ठाऊक होतं. पाठच्या भावाला नाही ठाऊक असणार तर कुणाला? मी नेमकं तिथेच बोट ठेवलं.

"हौ का?" ती म्हणाली. मग म्हणाली, "ताक आणलं होतं रे तुझ्यासाठी." आणि फोन ठेवला.

मी काय केलं? माझ्या माणसाला चौकातून काढलं आणि विद्यानगरच्या दिशेनं चालवत नेलं. खोटं नीट दिसावं म्हणून. तिचा माणूस तिथेच होता. कितीतरी वेळ हलला नाही. मी बज्जी संपवली.

दोन दिवसांनी ती स्वतःच म्हणाली, मला डोळ्यांच्या डॉक्टरकडे ने. माझ्या ऑफिसजवळ कोठीत एक दवाखाना आहे, तिथे नेलं. डॉक्टरांनी थेंब घातले, यंत्रावर हनुवटी टेकायला लावली, बारीक अक्षरं वाचायला लावली. तिनं सगळी वाचली. ते म्हणाले, मोतीबिंदूची जराशी सुरुवात आहे, वयाच्या मानानं डोळे उत्तम. मला हायसं वाटलं. सुटलो, असं वाटलं. पण अक्का खुर्चीवरून उठेना. म्हणाली, "डॉक्टरसाब, मेरा सगा भाई सामने से गया, हात हिलाया, मेरे को नै दिखा. इससे ज्यादा क्या होना?"

डॉक्टरांनी माझ्याकडे बघितलं. खरंच समोरून गेला होतात? — त्यांनी विचारलं. अगदी सहज.

मी हो म्हणालो.

पहिल्या वेळी मी गडबडलो होतो असं म्हणता येईल. इथे कसली गडबड? बाजूला बहीण बसलेली, समोर डॉक्टर, विचारायला एकच प्रश्न. मी शांतपणे हो म्हणालो. मग त्यांनी आणखी तपासण्या लिहून दिल्या. त्यातही काही निघालं नाही. आणि काही निघत नाही म्हणून ती जास्तच घाबरली. आईलापण आधी काही निघालं नव्हतं, म्हणाली.

तिनं खेळ सोडला. मग चालणंच सोडलं. पुतळ्याचा चौक अजून माझ्या नावावर आहे, कारण तो घ्यायला कुणी येत नाही. एमुलेटर मी काढून टाकला — पश्चात्तापानं नाही, सापडेन म्हणून.

आणि मग पावसाळा आला. आमच्या विहारात वर्षावासाचे तीन महिने दर रविवारी ग्रंथ वाचतात. कित्येक वर्षं तो अक्काच वाचायची. आमची पोरं मराठी बोलतात, तीही निम्मी उर्दू आणि निम्मी तेलुगू मिसळून, पण ग्रंथ पुढे ठेवला की जोडाक्षराशी अडकतात. अक्का वाचायची तेव्हा मागच्या रांगेतली बडबडी बायामाणसंसुद्धा गप्प व्हायची. कुठे थांबायचं, कुठे आवाज खाली आणायचा, तिला बरोबर कळायचं. नोकरी, संसार, सगळं तिनं केलं, पण मान तिला मिळाला तो तिथे.

त्या वर्षी पहिल्या रविवारी ती ग्रंथाला हात लावून नमस्कार करून मागे सरली. मला दिसंना झालंय, म्हणाली, वाचताना एखादी वळ सुटली तर पाप लागंल. लोकांनी आग्रह केला. मी तिथेच होतो, सतरंजीवर, तिसऱ्या रांगेत. तिला दिसतं, हे त्या अख्ख्या विहारात मला एकट्याला माहीत होतं.

आता तिथे मोबाईलवरून रेकॉर्डिंग लावतात. स्पीकर खरखरतो. माणसं कमी झालीत. अक्का भिंतीला टेकून बसते आणि ओळ सुरू व्हायच्या आधी तिचे ओठ हलतात.

का नाही सांगितलं, असं विचाराल. पुष्कळदा ठरवून गेलो. एकदा तर दारात चप्पल काढतानाच सांगायचं, असं घोकत गेलो होतो. आत शेजारीण बसली होती आणि अक्का तिला सांगत होती — विलूनं हसत हसत सांगितलं म्हणून कळलं तरी वेळेवर, न्हाईतर कुठं तरी गाडीखाली गेले असते. शेजारीण माझ्याकडे कौतुकानं बघायला लागली. मी चहा घेतला. शेजारीण गेली, मग तर आम्ही दोघंच होतो. तरी नाही सांगितलं. तेव्हा शेजारणीचंही कारण नको.

गेल्या रविवारी विहारातून तिला घरी सोडायला निघालो. ती माझा दंड धरून चालते आता, आई तिचा धरायची तसा. चौक ओलांडायचा होता. सुट्टीचा दिवस, रस्ता पार लांबपर्यंत मोकळा. तो तिला दिसत होता, मला जितका दिसत होता तितकाच. तरी ती कडेला थांबली, मान खाली घातली आणि म्हणाली, "गाडी येऊलाली का बघ रे."

मी म्हणालो, नाही.

तिनं मान वर करून बघितलंसुद्धा नाही. लगेच पाऊल टाकलं.